आधार न मागणारी वेल

नांदेड-लातूरच्या कुठल्याही आठवडी बाजारात भाद्रपदात फेरी मारली, तर एकाच घराण्याची फळं पाटी-पाटीतून मांडलेली दिसतात. काकडी, दोडका, गिलकी, कारली, तोंडली, पडवळ, दुधी, डांगर. किनवट-माहूरच्या रानातून आलेली करटुली. कापसाच्या नि ज्वारीच्या ओळींतून वेचून आणलेली वाळकं आणि शेंदाडं. उन्हाळा लागला की टरबूज-खरबूज. रंग, चव, आकार सगळं वेगळं, तरी वनस्पतिशास्त्राच्या वहीत ही सगळी एका कुळाखाली येतात. त्या कुळाचं शास्त्रीय नाव कुकर्बिटेसी. जगभरात त्याच्या सुमारे शंभर प्रजाती आणि हजाराच्या आसपास जाती आहेत.

नात्याची खूण पटवायची असेल तर फूल बघावं. नर फूल वेगळं, मादी फूल वेगळं. मादी फुलाच्या पाकळ्यांखाली इवलंसं फळ आधीपासूनच बसलेलं असतं. काकडीच्या पिवळ्या फुलामागची बोटभर काकडी प्रत्येक शेतकऱ्याने पाहिलेली असते. पानं बहुतेकदा रुंद, कडेला कातरलेली आणि हाताला खरखरीत.

या कुळाची आणखी एक सवय शेतकऱ्याला शिकवावी लागत नाही: यातलं सहसा कोणी स्वतःच्या पायावर उभं राहत नाही. दोडक्याला मांडव लागतो, कारल्याला तारेचं कुंपण, घरामागच्या दुधीला तुराट्या किंवा छप्पर. ज्यांना आधार मिळत नाही ती टरबुजासारखी जमिनीवर पसरतात. हजार जातींच्या या घराण्यात वेल हाच नियम आहे.

हा नियम मोडून सरळ झाड झालेली जात एकच आहे. ती आपल्याच अरबी समुद्रात, पश्चिमेच्या टोकाला, येमेनच्या सोकोत्रा द्वीपसमूहावर वाढते. तिचं शास्त्रीय नाव डेंड्रोसिसियोस सोकोट्रानस. सोकोत्री लोक तिला ‘गमहिन’ म्हणतात. स्कॉटलंडचे वनस्पतिशास्त्रज्ञ आयझॅक बेली बाल्फर १८८० मध्ये बेटावर गेले आणि त्यांनी १८८२ मध्ये या झाडाचं शास्त्रीय वर्णन प्रसिद्ध केलं. या प्रजातीत दुसरी एकही जात नाही.

झाड सहा-सात मीटरपर्यंत उंच होतं. खोड फिकट, पांढुरकं आणि बुंध्याशी चांगलंच फुगलेलं. त्याचा व्यास मीटरभर भरतो. वर मात्र फांद्या बारीक, थोड्याच, आणि त्यांना लोंबती पानं. एवढ्या जाड बुंध्यावर एवढा विरळ शेंडा पाहून दोन वेगळ्या झाडांचे भाग कोणी जोडले आहेत की काय, असं वाटतं. पण जवळ जाऊन पाहिलं की घराणं ओळखू येतं. पान गोलसर आणि खरखरीत. फूल पिवळं. नर आणि मादी फुलं एकाच झाडावर, पण वेगवेगळी. फळ पाचेक सेंटिमीटर लांब, कच्चं असताना हिरवं. फूल, फळ आणि पान काकडीच्या घरातलं. फक्त ताणे नाहीत. या झाडाला कशाला धरायचंच नाही.

वेलीचा हिशेब

वेल झाड झाली यात नवल का वाटावं, हे समजायचं तर आधी वेल होण्यातला फायदा बघायला हवा.

झाड आपल्या कमाईचा मोठा वाटा लाकडात गुंतवतं. पानं उजेडात न्यायची तर उंच व्हायला हवं आणि उंच झालं की वजन पेलायला नि वाऱ्याशी झुंजायला कठीण लाकूड हवं. वेल हा खर्च टाळते. उभं राहण्याचं काम ती दुसऱ्याच्या फांदीवर सोपवते आणि वाचलेली सगळी कमाई लांबी, पानं आणि फळांवर लावते. म्हणूनच पेरल्यापासून दीड-दोन महिन्यांत काकडी तोडायला येते. तिच्या बारीक खोडात पाणी वाहणाऱ्या नळ्याही तशाच रुंद असतात, कारण लांबवरच्या मोठमोठ्या पानांना पाणी झपाट्याने पुरवायचं असतं.

या व्यवहाराचं मुख्य साधन म्हणजे ताणा. अमेरिकी वनस्पतिशास्त्रज्ञ एसा ग्रे यांनी १८५८ मध्ये याच कुळातल्या वेलींच्या ताण्यांवर एक छोटं टिपण लिहिलं. ते वाचून चार्ल्स डार्विन यांना या विषयाचा ध्यास लागला आणि १८६५ मध्ये चढणाऱ्या वनस्पतींवरचा त्यांचा मोठा निबंध प्रसिद्ध झाला. ताण्याचं टोक आधी हवेत हळूहळू गोल फिरत आधार शोधतं. काठी लागली की तिला वेढा घालतं. मग मधला भाग स्प्रिंगसारखा वळतो आणि वेलीला आधाराजवळ ओढून घेतो. दोन्ही टोकं बांधलेली असल्यामुळे सगळं वळण एकाच दिशेने पडू शकत नाही. अर्ध्या ताण्याची वळणं उजवीकडे, अर्ध्याची डावीकडे, आणि मध्ये दिशा उलटण्याची एक सरळ जागा. दोडक्याच्या मांडवाखाली उभं राहून आधाराला धरलेला कोणताही ताणा पाहा, ही जागा हमखास सापडेल.

२०१२ मध्ये संशोधकांनी काकडीच्या ताण्याच्या आत डोकावून या वळणाचं यंत्र शोधलं. आत तंतुपेशींची एक पातळ पट्टी असते, जेमतेम दोन थरांची. त्यातला एक थर दुसऱ्यापेक्षा जास्त आकसतो आणि पट्टीसकट सगळा ताणा वळतो. तो ओढला तर पूर्ण उलगडण्याऐवजी आधी आणखी पीळ घेतो. वादळी वाऱ्यात मांडवावरची वेल तुटत नाही, त्यामागे ही करामत आहे.

इतकं अचूक साधन हाताशी असताना ते सोडून देऊन जाड खोड वाढवणं कोणाला परवडेल? उत्तर पाण्यात आहे.

कोरडे महिने काढण्याच्या तीन तऱ्हा

या कुळातल्या वनस्पतींना भरपूर पाणी लागतं. पान मोठं, नळ्या रुंद, फळ पाण्याने भरलेलं. मग वर्षातले सात-आठ महिने जिथे आभाळ कोरडं असतं, तिथे हे घराणं टिकतं कसं? मराठवाड्याच्या शिवारातच त्याच्या दोन तऱ्हा दिसतात.

पहिली तऱ्हा वाळूक, शेंदाड, काकडी, टरबूज यांची. पाऊस किंवा ओल असेल तेवढ्या दिवसांत उगवायचं, फुलायचं, फळायचं, आणि कोरड पडली की मरून जायचं. मागे राहतं ते बी. कोरडा काळ ते मातीत झोपून काढतं. या तऱ्हेत भारताचा वाटा मोठा आहे: २०१० मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका जनुकीय अभ्यासाने काकडी आणि खरबूज या दोघांचेही रानटी पूर्वज भारतातले असल्याचं दाखवलं.

दुसरी तऱ्हा करटुल्याची. पहिला पाऊस पडून आठवडा झाला नाही तोच रानात जुन्या जागी कोंब वर येतो, कारण खाली कंद जिवंत असतो. वेल दर वर्षी वाळते, कंद राहतो. तोंडलीच्या मुळाशीही असाच साठा असतो, म्हणून एकदा लावलेली तोंडली वर्षानुवर्षं फुटत राहते.

या कंदवाल्यांमध्ये एक नातेवाईक खास लक्ष देण्यासारखा आहे: आकाशगरुड. शास्त्रीय नाव कोरॅलोकार्पस एपिजियस. दख्खनच्या कोरड्या झुडपी रानात ती वाढते. वर दिसायला बारीक वेल, खाली मोठा कंद. नांदेडच्या सीमेपलीकडे तेलंगणात हा कंद दृष्ट लागू नये म्हणून दाराशी टांगतात, आणि टांगलेला कंद माती-पाण्यावाचून नुसत्या हवेत कोंब काढतो. पाहणाऱ्याला तो चमत्कार वाटतो. कंदात साठवलेलं पाणी आणि अन्न किती दिवस पुरतं, याचा तो डोळ्यांसमोरचा पुरावा आहे. कुकर्बिटेसी कुळाचे शास्त्रज्ञांनी जे गट पाडले आहेत, त्यांत आकाशगरुड आणि सोकोत्राचं ते झाड एकाच गटात बसतात. काकडी आणि टरबूज दुसऱ्या गटातली. म्हणजे सोकोत्राच्या झाडाचा जवळचा आप्त काकडीच्या मळ्यापेक्षा दख्खनच्या खडकाळ रानात शोधायला हवा.

तिसरी तऱ्हा त्या झाडाची. आकाशगरुड जे पाणी जमिनीखाली पुरून ठेवते, ते हे झाड जमिनीवर उघड्यावर साठवतं. त्याचं खोड हा उभा रांजणच आहे. कंद वर आला, वाढत गेला आणि त्यालाच फांद्या फुटल्या, अशी कल्पना केली की या झाडाचं रूप उलगडायला लागतं.

खोडाच्या आत

कडुलिंबाचा किंवा बाभळीचा बुंधा आडवा कापला तर आत सलग, घट्ट लाकूड दिसतं. सोकोत्राच्या या झाडाचा बुंधा कापला तर सुरीही सहज चालते. वनस्पतिशास्त्रज्ञ मार्क ओल्सन यांनी २००३ मध्ये या झाडाच्या खोडाच्या आणि पानांच्या रचनेचा अभ्यास प्रसिद्ध केला. खोडाचा बहुतेक भाग मऊ, पाणी साठवणाऱ्या पेशींचा असतो आणि लाकडाच्या पट्ट्या त्या मऊ गरात सुट्या-सुट्या विखुरलेल्या असतात. अशी रचना नेहमीच्या झाडात आढळत नाही, वेलीत आढळते. वेलीला वळावं, पिळावं, वाकावं लागतं. लाकूड सलग असेल तर ते मोडेल. सुट्या पट्ट्यांमध्ये मऊ पेशी असतील तर खोड पिळलं तरी नळ्या शाबूत राहतात.

म्हणजे या झाडाच्या खोडात त्याच्या पूर्वजांचा इतिहास अजून वाचता येतो. ते वेलींच्या वंशातून आलं आहे. लवचिक राहण्यासाठी वेलीत ज्या मऊ पेशी होत्या, त्याच इथे अफाट वाढल्या आणि पाण्याचा साठा झाल्या. पाण्याने तुडुंब भरलेली पेशी आपल्या भिंतीवर आतून दाब देते. ताजी काकडी कडक लागते आणि वाळत चाललेली लुळी पडते, ती या दाबामुळेच. अशा असंख्य भरलेल्या पेशी एकमेकींना रेटत उभ्या राहिल्या की खोडाला ताठपणा येतो. लाकडाचा खर्च टाळण्याचा घराण्याचा स्वभाव या झाडाने सोडलेलाच नाही. इतर वेली परक्या फांदीच्या आधाराने उंच होतात, हे झाड साठवलेल्या पाण्याच्या आधाराने.

बेटापेक्षा जुनं झाड

बेटावरच्या वनस्पतींबद्दल जीवशास्त्रात एक प्रसिद्ध निरीक्षण आहे. मुख्य भूमीवर ज्या कुळात छोटी रोपं असतात, त्या कुळात बेटावर झाडं होतात. गॅलापॅगोस बेटांवर सूर्यफुलाच्या कुळातली उंच झाडं आहेत. दूरच्या बेटावर मोठ्या वृक्षांची बियाणं फार पोचत नाहीत, जागा मोकळी असते आणि पोचलेली छोटी रोपं ती जागा घेत मोठी होतात, असं त्याचं एक स्पष्टीकरण आहे. सोकोत्राचं काकडीझाडही याच कथेत बसेल, असं कोणालाही वाटेल.

पण २००९ मध्ये हन्नो शेफर, क्रिस्टोफ हाइबल आणि सुझान रेनर यांनी या संपूर्ण कुळाची कालबद्ध वंशावळ मांडली, तेव्हा कथा बदलली. त्यांच्या हिशेबानुसार हे कुळ आशियात उगम पावलं, तेही क्रिटेशियस कालखंडाच्या अखेरीस. मराठवाड्याच्या काळ्या मातीखालचा बेसॉल्ट ज्या लाव्हाने घडला, ते उद्रेकही त्याच युगाच्या शेवटाला झाले. आशियातून या कुळाची बियाणं निरनिराळ्या काळी समुद्र ओलांडून इतर खंडांत पोचली. आणि डेंड्रोसिसियोसची फांदी आपल्या जवळच्या नातेवाइकांपासून सुमारे २ कोटी २० लाख वर्षांपूर्वी वेगळी झाली. सोकोत्रा मात्र अरबस्तानच्या भूमीपासून तुटून बेट झालं सुमारे १ कोटी वर्षांपूर्वी.

या दोन आकड्यांचा अर्थ थरारक आहे. झाडाचा वंश बेटाच्या दुप्पट जुना आहे. तेव्हा एखादी वेल वाहत बेटावर आली आणि तिथे झाड झाली, एवढ्या कथेने भागत नाही. हा वंश बेट जन्मण्याआधीपासून कुठेतरी जगत होता आणि आज तो मुख्य भूमीवर कुठेच उरलेला नाही. एडनचं आखात उघडत गेलं, अरबस्तान-आफ्रिकेचं हवामान कोरडं होत गेलं, बाकीचे संपले. बेटाने या एकाला राखलं.

सोकोत्राने असे कितीतरी जीव राखले आहेत. तिथल्या सुमारे ८२५ वनस्पतींपैकी ३७ टक्के जगात इतरत्र कुठेही उगवत नाहीत. लाल डिंकासाठी प्रसिद्ध असलेलं, उलट्या छत्रीसारखं ड्रॅगनचं झाडही तिथलंच. युनेस्कोने २००८ मध्ये या द्वीपसमूहाला जागतिक वारसास्थळाचा दर्जा दिला.

तेरचं कापड, भडोचचे खलाशी

नांदेडजवळच्या विष्णुपुरीहून हे बेट फार लांबचं वाटतं. पण गोदावरीत पाणी येण्याचा आणि त्या बेटाचा संबंध दर जूनमध्ये जुळतो. नैर्ऋत्य मोसमी वाऱ्यांचा सर्वांत जोरकस झोत सोमालियाच्या किनाऱ्याजवळून, सोकोत्राच्या परिसरातून भारताकडे वळतो. बेटाच्या सपाटीवर त्या महिन्यांत भणाण वारा असतो. ओल मिळते ती डोंगरमाथ्यावर, धुक्यातून. समुद्र इतका खवळतो की पूर्वी त्या दिवसांत बेटाचा जगाशी संपर्क तुटायचा. तेच वारे पुढे पाऊस होऊन आपल्याकडे उतरतात आणि विष्णुपुरीचा शंकरसागर जलाशय भरतात.

माणसांचा संबंधही जुना आहे. इसवी सनाच्या पहिल्या शतकातल्या ‘पेरिप्लस ऑफ द एरिथ्रियन सी’ या ग्रीक प्रवासपुस्तिकेत पैठण आणि तगर या दख्खनी नगरांतून गाड्यांवर लादून माल भडोच बंदरात जात असल्याची नोंद आहे. तगर म्हणजे धाराशिव जिल्ह्यातलं आजचं तेर. तिथून मुख्यतः कापड जायचं. त्याच पुस्तिकेत सोकोत्राच्या किनाऱ्यावर अरब, भारतीय आणि ग्रीक व्यापारी वस्ती करून असल्याचं आणि भारतीय जहाजं तिथे तांदूळ, गहू नि कापड उतरवत असल्याचंही लिहिलं आहे.

याचा भक्कम पुरावा बेटावरच्या होक नावाच्या गुहेत मिळाला. एकविसाव्या शतकाच्या सुरुवातीपासून तिथे बेल्जियन शोधकांना आणि त्यांच्यामागून गेलेल्या अभ्यासकांना प्राचीन खलाशांनी कोरलेले-लिहिलेले लेख सापडले. त्यांतले बहुतेक ब्राह्मी लिपीत आहेत, इसवी सनाच्या पहिल्या काही शतकांतले, आणि त्यांत भडोचहून आलेल्यांची नावं आहेत. तेरच्या विणकराचं कापड घेऊन निघालेल्या एखाद्या जहाजाचे लोक त्या किनाऱ्यावर उतरले असतील, तर पांढऱ्या फुगीर बुंध्याचं, काकडीच्या फुलाचं ते झाड त्यांच्या नजरेला पडलंच असेल.

दुष्काळ आणि शेळ्या

आज या झाडापुढचा प्रश्न मराठवाड्याच्या माणसाला समजावून सांगावा लागणार नाही. दुष्काळात वैरण संपते तेव्हा जनावरांचं काय करायचं, हा तो प्रश्न. आपल्याकडे चारा छावण्या उघडतात. लातूरला २०१६ च्या एप्रिलमध्ये मिरजेहून रेल्वेने पाणी आणावं लागलं होतं. सोकोत्राचे पशुपालक अशा वेळी हे झाड तोडतात आणि त्याचा पाणीदार बुंधा चेचून शेळ्या-मेंढ्यांना घालतात. ज्या साठ्याने झाड कोरडे महिने काढतं, तोच साठा दुष्काळात जनावरं जगवतो. पशुपालकाला दोष देता येत नाही. जनावरावर घर चालतं.

माणसाने जनावरं आणण्यापूर्वी बेटावर पाला खाणारे मोठे सस्तन प्राणी नव्हतेच. पाण्याचा एवढा मोठा साठा उघड्यावर ठेवणं झाडाला परवडलं, त्यात या गोष्टीचाही हात असावा. आता शेळ्या कोवळी रोपं शिल्लक ठेवत नाहीत. काटेरी झुडपांच्या जाळीत, तोंड पोचणार नाही तिथे उगवलेलं रोपच वाढू शकतं. बोरीच्या जाळीत वाचलेलं कडुलिंबाचं रोप ज्यांनी पाहिलं आहे, त्यांना हे लगेच कळेल. त्यात २०१५ च्या नोव्हेंबरमध्ये ‘चपाला’ आणि ‘मेघ’ ही दोन चक्रीवादळं आठवड्याभराच्या अंतराने बेटावर आली, आणि २०१८ मध्ये ‘मेकुनु’. आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघटनेने २००४ मध्येच या झाडाची नोंद असुरक्षित जातींमध्ये केली आहे.

एखादी जात नष्ट झाली तर तिच्या प्रजातीतल्या इतर जाती मागे राहतात, असं बहुतेक वेळा असतं. इथे मागे कोणी नाही. हे झाड गेलं तर २ कोटींहून अधिक वर्षं चाललेला एक संपूर्ण वंश जाईल, आणि वेलीचं शरीर पाण्याच्या बळावर कसं उभं राहू शकतं, याचं या कुळातलं एकमेव उदाहरण जाईल.

त्याचे आप्त आपल्याकडेही मागे हटत आहेत. ज्वारी-कापसाच्या ओळीत वाळकाचं नि शेंदाडाचं बी टाकायची रीत सोयाबीनच्या शिवारात कमी झाली. बांध जेसीबीने साफ होतात तेव्हा करटुल्याचे आणि आकाशगरुडाचे कंदही उपटले जातात. विष्णुपुरीतच स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठाचा मोठा परिसर आहे. तिथे जीवशास्त्र शिकणाऱ्या मुलांना या कुळाचा कंद, ताणा आणि बी अभ्यासायला गावाबाहेर फार लांब जावं लागू नये. शेतकऱ्याने बांधाचा एक कोपरा न नांगरता ठेवला आणि घरच्या वाळकाचं थोडं बी राखेत घोळून पुढच्या पावसासाठी जपलं, तरी कोरड्या मुलखात जगण्याची या घराण्याची विद्या आपल्या शिवारात चालू राहील.